दामदुप्पट आणि घराचा हप्ता

कल्याण सोडून कर्जतकडे निघालेली संध्याकाळची लोकल विठ्ठलवाडीच्या पुढे गेली, म्हणजे डब्यात उभ्या असलेल्या माणसाला बाहेरचे काही दिसत नाही. समोरच्याच्या खांद्यावरून डब्यात चिकटविलेली जाहिरात तेवढी दिसते. उल्हासनगर आले, अंबरनाथ आले, बदलापूर आले, तरी जाहिरात तीच. अमुक हजारांच्या हप्त्यात स्वतःचे घर. वाचकहो, ही जाहिरात मी गेली कित्येक वर्षे रोज वाचतो आहे. तिच्यात हप्ता मोठ्या अक्षरांत असतो, घराची किंमत लहान अक्षरांत असते आणि तो हप्ता किती वर्षे भरावयाचा हे बहुधा नसतेच. इतिहास शिकविणाऱ्याला एक खोड जडलेली असते. कागदावर जे लिहिले आहे ते वाचून झाले की जे लिहिलेले नाही ते तो शोधू लागतो. या जाहिरातीत न लिहिलेली गोष्ट म्हणजे मुदत. आणि माझे म्हणणे असे की, घरावर काढलेल्या कर्जाची खरी किंमत व्याजाच्या दरात फार थोडी व मुदतीत फार मोठी दडलेली असते.

हे मी काही नवे सांगत नाही. आपल्या आजोबा-पणजोबांना ते ठाऊक होते आणि त्यासाठी त्यांच्यापाशी एक चांगला शब्दही होता: दामदुप्पट. आज आपण हा शब्द 'दामदुप्पट योजना' अशा आमिषासाठी वापरतो. मुळात तो आमिषाचा नव्हे, मर्यादेचा शब्द आहे. पैशाच्या कर्जावरील व्याज मुद्दलापेक्षा जास्त होऊ नये, म्हणजे मुद्दल व व्याज मिळून सावकाराने दुपटीपेक्षा अधिक मागू नये, हा तो नियम. मनुस्मृतीत तो सांगितलेला आहे. धान्य, लोकर वगैरेंसाठी तेथे पाचपटीपर्यंतची सूट आहे. पैशाला मात्र दुप्पट हीच सीमा. इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनी हिंदू ऋणकोच्या बाबतीत हा नियम चालू ठेवला. १८२७ च्या मुंबई रेग्युलेशनने व्याजाला शेकडा १२ ची कमाल मर्यादा घातली होती. १८५५ साली सरकारने व्याजावरची असली बंधने उठविली, पण दामदुप्पट तेवढी टिकून राहिली.

या नियमातली खुबी लक्षात घेण्यासारखी आहे. तो दराला हातच लावीत नाही. दर बाराचा असो की चोविसाचा, कर्ज घेणाऱ्याला पहिल्याच दिवशी कळते की, शंभर घेतले तर फार तर दोनशे. अडाणी कुणब्यालाही हे गणित बोटावर करता येई. द. सा. द. शे. १२ ने सरळ व्याजाची दुप्पट व्हावयास आठ वर्षे चार महिने लागतात. त्यानंतर सावकाराला थांबण्यात काहीच स्वारस्य उरत नसे. म्हणून तो लवकर तगादा लावी, हे खरे. परंतु कर्ज पिढ्यान्‌पिढ्या लांबविण्याची मोहिनी कमी होई.

अर्थात नियम आहे म्हटल्यावर पळवाटही आलीच. ती कशी निघाली हे पाहिल्यावाचून आपल्या बदलापूरच्या फ्लॅटकडे मला वळता येणार नाही.

१८५९ साली मुदतीचा कायदा आला. साध्या रोख्यावरची फिर्याद तीन वर्षांच्या आत करावयास हवी, असा त्याचा मथितार्थ. हेतू चांगला होता. जुनीपुराणी बाडे काढून सावकाराने कुळाला छळू नये. परंतु घडले उलटेच. तीन वर्षे भरत आली की सावकार कुळाला बोलावी आणि म्हणे, "बाबा, कागदाची मुदत संपते आहे, नवे-जुने करून टाकू." नवे-जुने करणे म्हणजे जुना रोखा फाडून नवा लिहिणे. जुने मुद्दल शंभर, व्याज पन्नास. नव्या कागदावर मुद्दल दीडशे. व्याजाचे मुद्दल झाले. आता दामदुप्पट मोजावयाची ती दीडशेची! कायदा मोडला नाही, नियमही शाबूत राहिला, फक्त घड्याळ पुन्हा शून्यावर आले. शिवाय नवा कागद करताना मनुती म्हणून काही रक्कम आधीच कापून घेण्याची चाल होतीच. कागदावर शंभर लिहावयाचे आणि हातावर नव्वद-पंचाण्णव टेकवावयाचे. कुळाला अक्षरओळख नसल्याने ते नांगराची निशाणी करून घरी येई.

त्यात अमेरिकेतील यादवी युद्ध १८६५ ला संपले आणि कापसाचा भाव घसरला. त्याच सुमारास दख्खनमध्ये शेतसाऱ्याची फेरआकारणी होऊन सारा वाढला. पुढे काय झाले ते शाळेच्या पुस्तकात असते. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे, बाजाराच्या दिवशी, लोकांनी सावकारांची घरे-दुकाने घेरली. मी वर्गात हा प्रसंग शिकवितो तेव्हा मुलांना एकच प्रश्न विचारतो: त्यांनी काय जाळले? मुले म्हणतात, घरे जाळली, माणसे मारली असतील. तसे फारसे झाले नाही. माणसांच्या जिवाला दंगेखोरांनी क्वचितच हात लावला. त्यांना हवे होते ते कागद. रोखे, गहाणखते, हुकूमनामे. कागद हाती दिला की जमाव पुष्कळदा निघून जाई. लिहितावाचता न येणाऱ्या माणसांना आपले दुःख नेमके कोठे साठविलेले आहे हे पक्के ठाऊक होते!

सरकारने चौकशी समिती नेमली आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा केला. प्रथम तो पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांना लागू झाला. मागाहून त्याचे क्षेत्र वाढले. या कायद्यातील एक तरतूद मला फार मोलाची वाटते. न्यायाधीशाने शेवटच्या कागदावर विसंबून राहू नये; व्यवहाराच्या मुळापर्यंत मागे जावे, आणि मुद्दलाचा हिशेब वेगळा व व्याजाचा हिशेब वेगळा मांडावा. प्रत्यक्ष हातावर पडले तेवढेच मुद्दल. व्याजावर व्याज नाही. दोन रकाने, बस्स. सावकारी पद्धतीत हे दोन रकाने एकमेकांत मिसळलेले असत आणि त्या मिसळण्यातच सारी मख्खी होती. (हा कायदा सर्वस्वी यशस्वी झाला असे मात्र कोणी समजू नये. कर्ज मिळणे अवघड झाले, आणि गहाणाच्या जागी सरळ खरेदीखतेच लिहून घेण्याचा प्रकार बोकाळला. एक छिद्र बुजविले की दुसरीकडून पाणी येतेच.)

गहाणाचे प्रकारही आपल्याकडे नाना होते. ताबेगहाणात घर-शेत सावकाराच्या कब्जात जाई आणि त्याचे उत्पन्न तो खाई. नजरगहाणात मालमत्ता आपल्याच ताब्यात राही. सावकाराची तिच्यावर नुसती नजर. किती समर्पक शब्द आहे पाहा! आजचा बँकेचा गृहकर्जदार हा नजरगहाणदारच. तो घरात राहतो, दाराला तोरण बांधतो, वास्तुशांत करतो. घराचे मूळ करारपत्र मात्र बँकेच्या तिजोरीत असते. पूर्वीच्या सावकाराला घर विकावयाचे तर दिवाणी न्यायालयाची पायरी चढावी लागे. २००२ च्या सरफेसी कायद्यापासून बँकेला साठ दिवसांची नोटीस देऊन, न्यायालयात न जाताही, तारण ताब्यात घेता येते.

मध्यमवर्गीय मराठी माणूस या नजरगहाणात शिरला तो तसा अलीकडेच. पूर्वीची रीत उलटी होती. चाळीतल्या भाड्याच्या दोन खोल्यांत आयुष्य काढावयाचे आणि निवृत्त झाल्यावर प्रॉव्हिडंट फंडातून गावी किंवा उपनगरात घर बांधावयाचे. सहकाराने पहिली वाट दाखविली. मुंबईला गावदेवीत १९१५ साली सारस्वत मंडळींनी सहकारी गृहसंस्था उभी केली. १९६३ साली फ्लॅटच्या मालकीचा महाराष्ट्राचा कायदा आला. पण पगारदाराला तारुण्यातच, बाजारातून, लांब मुदतीचे कर्ज मिळू लागले ते १९७७ साली हसमुखभाई पारेख यांनी एचडीएफसी स्थापन केल्यानंतर. हा बदल लहान नव्हे. पूर्वी माणूस कमावलेल्या पैशाचे घर घेई. आता अजून न कमावलेल्या पैशाचे घेऊ लागला. मी त्याला नावे ठेवीत नाही. अशा कर्जावाचून माझ्यासारख्याला साठीपर्यंत घर दिसले नसते.

आमच्या पट्ट्यात या कथेला आणखी एक पदर आहे. दुसऱ्या महायुद्धात कल्याणजवळ लष्कराची छावणी होती. १९४७ नंतर सिंधमधून आलेली सुमारे एक लाख निर्वासित माणसे त्या बराकींत येऊन राहिली, आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते पायाभरणी होऊन त्या कल्याण कॅम्पाचे उल्हासनगर झाले. १९५४ चा निर्वासितांच्या नुकसानभरपाईचा कायदा आला. तिकडे सोडून आलेल्या मालमत्तेचा 'क्लेम' इकडे मिळालेल्या जागेच्या किमतीत वळता करावयाचा, आणि कमी पडेल ते हप्त्यांनी भरावयाचे. माझ्या एका विद्यार्थ्याच्या घरी मी आजोबांच्या वेळच्या पावत्यांचे पुडके पाहिले आहे, लाल फडक्यात बांधलेले. पावत्या पिवळ्या पडल्या आहेत, कडा झडल्या आहेत. विद्यार्थी म्हणाला, "सर, बाबा सांगायचे, आजोबांना जेवताना उठवून विचारलं तरी किती भरले आणि किती राहिले ते रुपयांत सांगायचे." मी घरी जाताना विचार केला, हाच प्रश्न मला कोणी विचारला तर? मला माझा हप्ता ठाऊक होता. राहिले किती, ते ठाऊक नव्हते.

म्हणून आता थोडे आकडे. भाषणात ते झरझर सांगावे लागले. येथे छापील पानावर आपल्याला थांबून पाहता येतील. कृपा करून पान उलटू नका.

समजा, आपण बदलापूरला फ्लॅट घेतला आणि २५ लाखांचे कर्ज काढले. दर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता सुमारे २१,६९६ रुपये येतो. वीस वर्षांत एकूण भरणा सुमारे ५२ लाख ७ हजार. म्हणजे व्याज २७ लाख ७ हजार, मुद्दलापेक्षा जास्त! तोंडावर अत्यंत सभ्य वाटणारा हा दर वीस वर्षांत बरोबर दामदुप्पटीची वेस ओलांडतो. जुना नियम येथे लागू पडला असता काय? नाही. तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजापुरता होता. जे व्याज आपण महिन्याच्या महिन्याला फेडीत गेलो ते त्यात मोजले जात नसे. शिवाय सावकारांसाठी व्याजाची ही सीमा १९४६ च्या मुंबईच्या सावकारी कायद्याने आणि मग २०१४ च्या महाराष्ट्राच्या कायद्याने लेखी घातली असली, तरी बँका त्या कक्षेच्या बाहेर आहेत. तेव्हा बँक काही बेकायदा करते असे मला सुचवावयाचे नाही. मला फक्त दोन रकाने मांडावयाचे आहेत.

पहिल्या महिन्याचा हप्ता २१,६९६. त्यातले १७,७०८ रुपये व्याजाच्या रकान्यात जातात. मुद्दलातून फिटतात ३,९८८. दहा वर्षे आपण एकही हप्ता न चुकविता भरले. आतापर्यंत गेले २६ लाखांहून अधिक. घेतले होते २५ लाख. राहिले किती? साडेसतरा लाख. निम्मे मुद्दल फिटावयास चौदावे वर्ष संपत येते. अर्धी मुदत म्हणजे अर्धे कर्ज असे आपले मन धरून चालते, आणि तेथेच ते फसते.

आता मुदतीची करामत पाहा. तेच २५ लाख, तोच दर, मुदत ३० वर्षे. हप्ता उतरतो १९,२२३ वर. महिन्याला सुमारे अडीच हजार वाचले म्हणून घरात आनंद होतो. एकूण भरणा मात्र होतो ६९ लाख २० हजार. अडीच हजारांच्या सवलतीसाठी १७ लाख जास्त. उलट मुदत १५ वर्षे धरली तर हप्ता २४,६१९ आणि एकूण भरणा ४४ लाख ३१ हजार. दर तिन्ही ठिकाणी एकच आहे, बरं का. आणि आपण कर्ज घेताना अर्ध्या टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरठे झिजवितो, व मुदतीच्या चौकोनात मात्र समोरचा कारकून सांगेल तो आकडा भरतो.

आता नवे-जुने. बदलापूर हे नाव घोडे बदलण्याच्या ठिकाणावरून पडले असे सांगतात. हल्ली तेथील मंडळी बँका बदलतात. वरचेच कर्ज घेऊ. पाच वर्षे झाली, बाकी २२ लाख ३ हजार. दुसरी बँक म्हणते, आमच्याकडे या, दर आठ टक्के, हप्ताही कमी. गेलो. नवा कागद झाला, तोही पुन्हा २० वर्षांचा. हप्ता १८,४२८. घरी पेढे. परंतु जुन्या कर्जाचे उरलेले हप्ते मिळून ३९ लाख ५ हजार भरावयाचे होते. नव्याचे होतात ४४ लाख २३ हजार. दर उतरला आणि किंमत पाच लाखांनी चढली! तीच बदली उरलेल्या १५ वर्षांपुरती केली असती, तर हप्ता २१,०५५ झाला असता आणि लाखाहून अधिक वाचले असते. १८७० च्या सुमाराच्या सावकाराचे आणि आजच्या बँकेचे काही साम्य नाही. बँक हिशेब उघडा ठेवते, सही लिहितावाचता येणाऱ्याची घेते. तरीसुद्धा घड्याळ शून्यावर आणण्याची क्रिया तीच आहे. मनुतीच्या जागी प्रोसेसिंग फी आहे.

सर्वांत नाजूक गोष्ट तरत्या दराची. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर मे २०२० पासून चार टक्के होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ एवढ्या नऊ-दहा महिन्यांत तो साडेसहावर गेला. समजा, त्याच्या आदल्या वर्षी कोणी पावणेसात टक्क्यांनी २५ लाख २० वर्षांसाठी घेतले, हप्ता १९,००९. वर्षाने दर अडीच टक्क्यांनी चढला आणि हप्ता मात्र तोच ठेवला. तर व्याजच महिन्याला १८,७९९ रुपये होते. मुद्दलाच्या वाट्याला येतात २१० रुपये. या चालीने कर्ज फिटावयास जवळजवळ एकोणपन्नास वर्षे लागावीत! एवढी मुदत कोणतीही बँक देत नाही, म्हणून कोठे हप्ता वाढला, कोठे मुदत निवृत्तीच्या पलीकडे गेली, कोठे दोन्ही झाले. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने फर्मान काढले की, दर बदलताना हप्त्यावर व मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवावे, आणि हप्ता वाढवावयाचा की मुदत, ही निवड त्याला द्यावी. २०२५ मध्ये रेपो उतरत गेला. पण जी मुदत एकदा लांबली ती आपोआप मूळ ठिकाणी आली की नाही, हे ज्याचे त्याने पाहावयाचे.

यावर माझे अर्थशास्त्राचे एक सहकारी मला नेहमी अडवितात. ते म्हणतात, "अहो, तुम्ही आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एका तागडीत घालता. हे अशास्त्रीय आहे. पगार वाढत जातो, महागाई वाढते, हप्ता तेवढाच राहतो. शेवटच्या वर्षीचे बावीस हजार म्हणजे आजचे सात-आठ हजार. आणि घर घेतले नसते तर भाडे चुकले असते काय?" त्यांचे म्हणणे बरोबर आहे आणि ते मी मान्य केले पाहिजे. ५२ लाख हा आकडा ऐकून छातीत धडकी भरवून घेण्याचे कारण नाही. नियमित पगारवाढ असलेल्या माणसाला महागाई ही कर्ज फेडण्यातली मूक भागीदार असते. भाड्याचा पैसा तर परत येतच नाही. परंतु या युक्तिवादाला दोन पाय आहेत: एक, पगार वाढत राहिला पाहिजे, आणि दोन, घर उभे राहिले पाहिजे. अंबरनाथला एकेकाळी काड्यापेटीच्या कारखान्यात चिकटला की माणूस निवृत्त होऊनच बाहेर पडे. आजच्या औद्योगिक वसाहतीत कंत्राटावर लागलेल्या मुलाला वीस वर्षांच्या पगारवाढीची हमी कोण देतो? हप्त्याचा कागद मात्र त्याच हमीवर लिहिलेला असतो.

आणि दुसरा पाय. अंबरनाथचे शिवालय १०६० सालचे आहे. शिलाहारांच्या काळचा तो दगड साडेनऊशेहून अधिक पावसाळे खाऊन उभा आहे. तेथून दोनेक कोसांच्या आत उल्हासनगरात, मे २०२१ मध्ये, पंधरवड्याच्या अंतराने दोन इमारतींचे स्लॅब कोसळले आणि माणसे मेली. त्या इमारती शे-दोनशे वर्षांच्या नव्हत्या. मागल्या पिढीतल्या होत्या. बराकींच्या जागेवर दाटीवाटीने, मंजुरीवाचून उभ्या राहिलेल्या इमारती नियमित करून घेण्यासाठी उल्हासनगरपुरता २००६ साली राज्याला खास कायदा करावा लागला, एवढ्यावरून तेथील बांधकामाची कल्पना यावी. अशा घराला बँका सहसा उभ्या करीत नाहीत. मग पतपेढी, सोने, गावची जमीन, नातेवाईक असे चार ठिकाणचे पैसे गोळा होतात, आणि त्यांचा दर कागदावर कोठेच एकत्र येत नाही. बदलापूरला उल्हास नदी आहे. २६ जुलै २००५ चे पाणी ज्यांनी पाहिले त्यांना सांगावयास नको. २७ जुलै २०१९ ला बदलापूर-वांगणीच्या मध्ये महालक्ष्मी एक्सप्रेस पाण्यात अडकली आणि प्रवाशांना होड्यांनी काढावे लागले. तळमजल्याच्या फ्लॅटमध्ये गुडघाभर गाळ असताना पाच तारखेला हप्ता जातोच जातो. कर्जाला मुदत असते तशी स्लॅबलाही असते, आणि माझ्या पाहण्यात एकाही कर्जदाराने या दोन मुदती शेजारी-शेजारी मांडून पाहिलेल्या नाहीत. मीही मांडल्या नव्हत्या.

माझीच गोष्ट सांगतो. २०२१ साली मी घर घेतले, वीस वर्षांचे कर्ज काढले. दर वाढले तेव्हा माझा हप्ता वाढला नाही. मला वाटले, बरे झाले, आपल्याला वगळले. मोबाइलवर कधीतरी इंग्रजीत संदेश आला होता म्हणे, तो मी शंभर संदेशांत पुसून टाकला असावा. दख्खनच्या दंग्यांवर मुलांना दर वर्षी तीन तास शिकविणारा मी, स्वतःच्या कागदाची पुढची बाजूसुद्धा वाचीत नव्हतो. त्या विद्यार्थ्याच्या घरून आल्यावर मी कर्ज देणाऱ्या संस्थेच्या शाखेत गेलो आणि हिशेबाचा तक्ता मागितला. काउंटरवरच्या मुलीने विचारले, "सर, टॅक्ससाठी हवंय का?" मी म्हटले, "नाही, वाचायला हवंय." तिने क्षणभर माझ्याकडे पाहिले आणि तक्ता छापून दिला.

१८७९ च्या कायद्याने न्यायाधीशाला जे दोन रकाने मांडावयास सांगितले होते, ते त्यात महिन्यागणिक मांडलेले होते. एकीकडे व्याज, एकीकडे मुद्दल. मधल्या काही ओळींत मुद्दलाच्या रकान्यात एवढी लहान रक्कम होती की, ती छापण्यातली चूक असावी असे मला वाटले. शेवटच्या पानावर शेवटच्या हप्त्याचा महिना होता. माझी निवृत्ती त्याच्या नऊ वर्षे आधी होती.

दुसऱ्या दिवशी अर्ज लिहिला. मुदत मूळ ठिकाणी आणावी, हप्ता वाढवावा. आणि जमेल तेव्हा थोडी रक्कम मुद्दलात जास्त भरण्याची मुभा आहे का, हेही विचारले. आहे, तरत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून त्यासाठी दंड घ्यावयाचा नाही, असा नियम २०१२ पासूनच आहे. मला तो २०२३ साली कळला. हप्ता चार हजारांवर वाढला. घरी सौ. म्हणाल्या, "म्हणजे यंदा रंगकाम नाही." ते खरेच होते.

तक्ता मी आता लाल नाही, पण एका जुन्या खाकी पाकिटात ठेवला आहे. अधूनमधून लोकलमध्ये जागा मिळाली तर अंबरनाथ सुटल्यावर तो काढून पाहतो. परवा शेजारच्या गृहस्थांनी डोकावून विचारले, "परीक्षेचे मार्क का हो?" मी त्यांना दोन रकाने दाखविले. बदलापूर येईपर्यंत त्यांनी मोबाइलवर स्वतःच्या बँकेचे खाते उघडले होते आणि मुदतीचा आकडा कोठे असतो ते ते शोधीत होते.